वाहनतळ हलवण्याआधी

संकेश्वरजवळ पुणे-बंगळूर महामार्ग सोडून आजरा, आंबोली घाट आणि पुढे बांद्याकडे निघालेले वाहन गडहिंग्लज शहरातूनच जाते. कागदोपत्री हा ५४८ एच क्रमांकाचा राष्ट्रीय महामार्ग आहे. गडहिंग्लजकरांच्या लेखी मात्र तो बाजाराचा रस्ता आहे. कोकण-गोव्याकडे जाणारी दूरची वाहतूक आणि गावातली रोजची खरेदी-विक्री, अशी दोन कामे डांबराच्या एकाच पट्ट्याला करावी लागतात. शहराच्या वाहतूक कोंडीचे मूळ येथे आहे.

गावाची बाजारपेठ शहराच्या लोकसंख्येपेक्षा बरीच मोठी आहे. २०११ च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या सत्तावीस हजारांच्या आसपास होती. पण आजरा आणि चंदगड तालुक्यांतली गावे, शिवाय सीमेपलीकडच्या हुक्केरी तालुक्यातील काही खेडी खरेदीसाठी, दवाखान्यासाठी आणि कचेरीच्या कामासाठी येथेच येतात. येथील बाजार समिती मिरची आणि गुळासाठी ओळखली जाते. ऊसतोडणीच्या हंगामात हरळी, गवसे आणि संकेश्वरच्या कारखान्यांकडे जाणाऱ्या ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची त्यात भर पडते. प्रांत कार्यालय, न्यायालय आणि एसटीचे आगारही येथेच आहे.

या साऱ्या उलाढालीचा भार व्यावसायिक वाहने उचलतात. मोटार वाहन कायदा, १९८८ त्यांना परिवहन वाहने म्हणतो. भाड्याने प्रवासी नेणारी रिक्षा, जीप किंवा बस आणि माल वाहणारा ट्रक किंवा टेम्पो या सगळ्यांचा त्यात समावेश होतो. लोकांच्या तोंडी हीच वाहने छोटा हत्ती, पिकअप, टेम्पो, वडाप अशा नावांनी असतात. भाडे मिळेपर्यंत ती रस्त्याच्या कडेला किंवा चौकात उभी असतात. गर्दी असह्य झाली की नगरपालिकेपुढे पहिली मागणी येते ती हा तळ गावाबाहेर हलवण्याची.

मागणी साधी वाटते, पण तिची अंमलबजावणी अनेकदा न्यायालयात अडकते. चालक-मालक संघटना स्थगिती मागतात आणि स्थगिती मिळाली की कोंडी आहे तशीच राहते. स्थगिती नाकारली गेली तरी नव्या जागेवर सोयी नसल्याने वाहने काही महिन्यांत जुन्या ठिकाणी परततात. असे का होते हे समजण्यासाठी आधी कोंडीचे गणित आणि मग कायद्याची रचना पाहावी लागते.

गणित सरळ आहे. शहरी रस्त्याच्या एका मार्गिकेची रुंदी साधारण साडेतीन मीटर धरली जाते. म्हणजे दुपदरी रस्त्यावर गाड्या प्रत्यक्ष धावण्यासाठी सात मीटर रुंदी मिळते. केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार ट्रकची रुंदी २.६ मीटरपर्यंत असू शकते. एका बाजूला असा एक ट्रक उभा राहिला की ४.४ मीटर उरतात आणि समोरासमोरून येणाऱ्या दोन मोठ्या गाड्या एका वेळी जाऊ शकत नाहीत. दोन्ही बाजूंना ट्रक उभे राहिले तर उरते १.८ मीटर, म्हणजे जेमतेम दुचाकीपुरती वाट.

वाहतूक अभियंते यासाठी प्रवासी मोटार एकक हे माप वापरतात. एखादे वाहन रस्त्यावर किती मोटारींइतकी जागा आणि वेळ घेते, हे त्यातून कळते. भारतीय रस्ते काँग्रेसच्या शहरी रस्त्यांसाठीच्या मार्गदर्शक तत्त्वांत ट्रक किंवा बस एका मोटारीच्या दुपटीहून अधिक धरली आहे. वळण घेणारा, मागे येणारा किंवा माल उतरवणारा ट्रक रस्ता त्याहूनही अधिक अडवतो. म्हणून उभ्या गाड्यांची नुसती संख्या मोजून कोंडीचा अंदाज येत नाही. कोणते वाहन, कोठे, किती वेळ आणि कशासाठी थांबते हे मोजावे लागते.

‘कशासाठी’ हा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा आहे, कारण व्यावसायिक वाहन तीन वेगवेगळ्या कारणांनी थांबते. पहिले कारण भाड्याची वाट पाहणे, दुसरे माल चढवणे-उतरवणे आणि तिसरे रात्रीचा मुक्काम. पहिल्यात गाडी तासन्‌तास एका जागी असते. दुसऱ्यात ती अर्धा-पाऊण तास थांबते, पण बहुधा दुकानाच्या दारात आणि ऐन गर्दीच्या वेळी. तिसऱ्यात ती रात्रभर उभी असते आणि सकाळी निघायला उशीर झाला की शाळा-कचेऱ्यांच्या वेळेत आड येते. तिन्हींवरचे उपाय वेगळे आहेत. स्थलांतराच्या आदेशात मात्र तिन्ही प्रकार अनेकदा एकाच वाक्यात गुंडाळले जातात.

चालक त्याच चौकात का उभा राहतो, याचेही उत्तर हवे. भाड्याच्या गाडीसाठी थांबा हाच धंद्याचा गाळा असतो. सिमेंटची दहा पोती किंवा नवे कपाट घरी न्यायचे असलेला माणूस दुकानाबाहेर पडून समोर दिसेल ती गाडी ठरवतो. गाडी दोन किलोमीटर दूर गेली तर तो माणूस तेथवर चालत जात नाही. मग चालकाला गिऱ्हाइकाच्या शोधात रिकाम्या फेऱ्या माराव्या लागतात, डिझेल वाया जाते आणि कर्जाचा हप्ता थकतो. मोबाइलवर भाडे मिळू लागल्याने ही अडचण काहीशी कमी झाली आहे, पण संपलेली नाही. थांब्याभोवती हमाल, चहाची टपरी आणि पंक्चर काढणारा यांचाही रोजगार असतो.

दुसऱ्या बाजूला रहिवासी, पादचारी, शाळकरी मुले आणि रुग्णवाहिका आहेत. यांची कोणतीही चालक-मालक संघटना नसते. गाडी तासभर अडकली तरी त्यांचे नुकसान कुठल्या वहीत नोंदले जात नाही. व्यापाऱ्यांची भूमिका दुहेरी असते. मालाची गाडी दारात यावी असे त्यांना वाटते आणि दारापुढचा रस्ता गिऱ्हाइकासाठी मोकळाही हवा असतो. प्रत्येकाची मागणी आपापल्या जागी रास्त असल्यामुळे निर्णय कोणी आणि कसा घ्यावा, हे कायद्याने ठरवून दिले आहे.

मोटार वाहन कायद्याचे कलम ११७ या विषयाचा गाभा आहे. मोटार वाहने कोठे उभी राहू शकतील आणि भाड्याची प्रवासी वाहने कोठे जास्त वेळ थांबू शकतील, हे ठरवण्याचा अधिकार या कलमाने राज्य सरकारला किंवा सरकारने प्राधिकृत केलेल्या अधिकाऱ्याला दिला आहे. मात्र त्या भागातील स्थानिक स्वराज्य संस्थेशी विचारविनिमय करून हे ठरवावे, अशी अट त्यात आहे. जागा ठरवताना रस्ता वापरणाऱ्यांची सुरक्षितता आणि वाहतुकीचा मुक्त प्रवाह यांना प्राधान्य द्यावे, अशी भर २०१९ च्या दुरुस्तीने घातली.

शेजारचे कलम ११५ वाहनांच्या वापरावर निर्बंध घालण्यासंबंधी आहे. एखाद्या रस्त्यावर विशिष्ट प्रकारच्या वाहनांना बंदी घालायची असेल तर शासकीय राजपत्रात अधिसूचना काढावी लागते आणि कलम ११६ प्रमाणे रस्त्यावर फलक लावावे लागतात. बंदी एक महिन्यापेक्षा अधिक काळाची नसेल, तर राजपत्राऐवजी स्थानिक पातळीवर पुरेशी प्रसिद्धी दिली तरी चालते. पुण्यासारख्या शहरात वाहतूक शाखेचे पोलीस उपायुक्त ११५, ११६ आणि ११७ या कलमांचा आणि शासनाने दिलेल्या अधिकाराचा स्पष्ट उल्लेख करूनच असे आदेश काढतात. याशिवाय महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचे कलम ३३ वाहतूक नियमनाचे नियम करण्याचा अधिकार पोलीस प्रशासनाला देते.

रस्त्यात आडवी लावलेली एखादी गाडी हटवण्यासाठी इतक्या सायासांची गरज नाही. इतरांना धोका, अडथळा किंवा अवाजवी गैरसोय होईल अशा रीतीने गाडी उभी करण्यास कलम १२२ ची मनाई आहे. सार्वजनिक वाटेत अडथळा आणणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २८५ खालीही गुन्हा आहे आणि त्यासाठी पाच हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. एका गाडीवरची कारवाई आणि वर्षानुवर्षे चालत आलेला संपूर्ण थांबा बंद करण्याचा निर्णय या दोन गोष्टी कायद्याच्या दृष्टीने वेगळ्या आहेत. पहिली पोलीस हवालदाराच्या पातळीवर होते. दुसरीसाठी प्राधिकृत आदेश लागतो.

मग नगरपालिकेचे स्थान काय? १९९२ च्या ७४ व्या घटनादुरुस्तीने घटनेला बारावी अनुसूची जोडली. नागरी संस्थांकडे सोपवता येतील अशा विषयांच्या त्या यादीत वाहनतळ आणि बसथांब्यांचा नावानिशी उल्लेख आहे. महाराष्ट्र नगरपरिषद अधिनियम, १९६५ नुसार सार्वजनिक रस्त्यांवरील अडथळे दूर करणे हे नगरपरिषदेचे कर्तव्यच आहे. त्यामुळे वाहनतळासाठी जागा उपलब्ध करणे, ती विकसित करणे आणि तिची देखभाल करणे ही कामे नगरपरिषदेचीच ठरतात.

परंतु वाहनाने अमुक ठिकाणीच थांबावे आणि तमुक ठिकाणी थांबू नये, हे मोटार वाहन कायद्याखाली बंधनकारक करण्याचा अधिकार नगरपरिषदेच्या ठरावातून आपोआप येत नाही. खटल्यांत पहिला वाद येथेच उभा राहतो. सभागृहात ठराव झाला, मुख्याधिकाऱ्यांनी नोटीस लावली, पोलिसांनी गाड्या हटवल्या, पण प्राधिकृत अधिकाऱ्याचा आदेश निघालाच नाही, तर संपूर्ण कारवाई पहिल्याच मुद्द्यावर लंगडी पडते. ठरावच बेकायदा असेल किंवा त्यामुळे लोकांना उपद्रव होण्याचा संभव असेल, तर १९६५ च्या अधिनियमाचे कलम ३०८ जिल्हाधिकाऱ्यांना त्याची अंमलबजावणी थांबवण्याचा अधिकार देते.

गडहिंग्लजमध्ये महामार्गाचा आणखी एक पदर आहे. राष्ट्रीय महामार्ग शहरातून जात असला तरी त्यावर नगरपरिषदेची एकटीची सत्ता नसते. महामार्गाच्या जमिनीवरील अतिक्रमण आणि वाहतूक यांसाठी २००२ चा स्वतंत्र केंद्रीय कायदा आहे. २०१९ च्या दुरुस्तीनंतर महामार्गावरील थांब्याच्या जागा ठरवण्यात महामार्ग यंत्रणेलाही अधिकार मिळाला आहे. म्हणून येथील आदेशात नगरपरिषद, पोलीस, परिवहन विभाग आणि महामार्ग विभाग या चौघांचे मत नोंदलेले असणे आवश्यक ठरते.

अधिकाराचा प्रश्न सुटला की हक्काचा प्रश्न येतो. घटनेच्या अनुच्छेद १९ (१) (छ) ने प्रत्येक नागरिकाला व्यवसायाचे स्वातंत्र्य दिले आहे. सार्वजनिक रस्त्यावर भाड्याची वाहने चालवणे हा या स्वातंत्र्याचाच भाग आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्ये सगीर अहमद खटल्यात मान्य केले. मात्र याच अनुच्छेदाचे सहावे उपकलम सार्वजनिक हितासाठी या स्वातंत्र्यावर वाजवी निर्बंध घालण्यास मुभा देते. निर्बंध वाजवी आहे की नाही, हेच मग न्यायालयाला तपासावे लागते.

थांब्याच्या स्थलांतरासंबंधी सर्वांत नेमके मार्गदर्शन करणारा निर्णय १९५३ च्या विधि-अहवालांत नोंदलेला आहे. टी. बी. इब्राहिम यांचा कुंभकोणम येथे खासगी बसथांबा होता. तंजावरच्या प्रादेशिक परिवहन प्राधिकरणाने सार्वजनिक सोयीच्या कारणावरून बसगाड्यांचा थांबा तेथून बदलला आणि त्यांचा धंदा बुडाला. सर्वोच्च न्यायालयाने प्राधिकरणाची बाजू मान्य केली. व्यवसाय करण्याचा हक्क आहे, पण तो हव्या त्या ठिकाणी करण्याचा मूलभूत हक्क नाही, हे त्या निर्णयाचे सार होते. पदपथावरील विक्रेत्यांच्या सोदनसिंग खटल्यात १९८९ मध्ये न्यायालयाने हेच तत्त्व वेगळ्या संदर्भात पुन्हा मांडले.

याचा अर्थ चालकांच्या हाती काहीच नाही, असा होत नाही. ऑल्गा टेलिस खटल्यात १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला. मुंबई महापालिकेचा अतिक्रमण हटवण्याचा अधिकार न्यायालयाने कायम ठेवला, पण आधी नोटीस देणे आणि म्हणणे ऐकणे हा नियम असून तसे न करणे हा अपवाद आहे, हेही स्पष्ट केले. सुनावणीनंतर निर्णय तोच राहिला तरी तिचे महत्त्व कमी होत नाही. नव्या जागी पाणी नाही, रात्री दिवे नाहीत, ट्रक वळवायला जागा नाही, अशा गोष्टी चालकच सांगू शकतात. त्या कचेरीतल्या नकाशावर दिसत नाहीत.

आदेशात कारणे लिहिणेही तितकेच आवश्यक आहे. मोहिंदरसिंग गिल खटल्यात १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की सरकारी आदेशाची वैधता त्यात नमूद केलेल्या कारणांवरूनच तपासली जाईल. नंतर प्रतिज्ञापत्रातून नवी कारणे जोडता येणार नाहीत. म्हणून ‘वाहतुकीस अडथळा होत असल्याने’ एवढे एक वाक्य लिहून काढलेला आदेश न्यायालयात कमकुवत ठरतो. सर्वेक्षण केव्हा झाले, किती वाहने किती वेळ उभी होती, कोणते पर्याय तपासले आणि ते का नाकारले, हे आदेशातच यायला हवे.

अलीकडचे उदाहरण चेन्नईचे आहे. तेथील कोयंबेडू बसस्थानकावरचा ताण कमी करण्यासाठी शहराबाहेर किलांबाक्कम येथे नवे बसस्थानक बांधले गेले आणि ३० डिसेंबर २०२३ रोजी त्याचे उद्घाटन झाले. जानेवारी २०२४ पासून खासगी आंतरशहरी बसगाड्यांनीही तेथूनच निघावे, असा आदेश आला. बसमालक मद्रास उच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने नव्या स्थानकाची योजना मोडीत काढली नाही, पण कोयंबेडूजवळ असलेल्या स्वतःच्या गॅरेजमधून आणि वाटेतील ठरावीक ठिकाणांहून प्रवासी घेण्याची अंतरिम मुभा दिली. स्थलांतर तत्त्वतः मान्य आणि त्याचा वेग व तपशील मात्र तपासणीखाली, अशी ही भूमिका होती. अशा वादांत न्यायालये सामान्यतः हाच मधला मार्ग धरतात.

पर्यायी जागा हा प्रत्येक खटल्याचा कळीचा मुद्दा असतो. नगरपालिका अनेकदा विकास आराखड्याकडे बोट दाखवतात. आराखड्यात वाहनतळाचे आरक्षण असते, पण आरक्षण म्हणजे ताबा नव्हे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम १२७ नुसार आराखडा लागू झाल्यापासून दहा वर्षांत जमीन घेतली गेली नाही, तर मालक नोटीस देऊ शकतो. त्यानंतर २४ महिन्यांत संपादनाची पावले उचलली नाहीत तर आरक्षण संपुष्टात येते. ही पावले म्हणजे नुसता पत्रव्यवहार नव्हे, प्रत्यक्ष संपादनाची कारवाई, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये गिरनार ट्रेडर्स खटल्यात स्पष्ट केले. आरक्षित भूखंड हातचे गेले की पर्याय म्हणून गावाबाहेरची गैरसोयीची जागाच उरते.

पर्याय सोयीचा असला तरी पुरत नाही, तो आधी तयार असावा लागतो. अवजड ट्रक उभा राहील अशी पक्की जमीन, पाण्याचा निचरा, दिवे, स्वच्छतागृह, पिण्याचे पाणी आणि रात्रीची राखण या त्याच्या किमान गरजा आहेत. पावसाळ्यात चिखल होणारे मोकळे रान वाहनतळ म्हणून दाखवले, तर आदेश कागदावर टिकेल पण गाड्या परत चौकात येतील. या सोयी नंतर करू असे आश्वासन दिले गेले, तर चालकांच्या वकिलाचा युक्तिवाद आयताच तयार होतो.

दाद मागण्याचे मार्ग दोन आहेत. दिवाणी न्यायालयात मनाई हुकूम मागता येतो. तेथे प्रथमदर्शनी बाजू, सोयीचा तोल आणि भरून न येणारे नुकसान या तीन कसोट्या पाहिल्या जातात. दुसरा मार्ग अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिकेचा. तेथे आदेशाचा अधिकार, प्रक्रिया आणि वाजवीपणा तपासला जातो. वाहनतळ कोठे असावा, हे न्यायाधीश सहसा स्वतः ठरवत नाहीत. ज्याने ठरवायचे त्याने नीट ठरवले का, एवढेच ते पाहतात.

गडहिंग्लजसाठी दुसरा मार्ग आता जवळ आला आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्या कक्षेत येतात. मुंबईच्या फेऱ्या आणि खर्च परवडत नसलेल्या रिक्षा किंवा टेम्पोचालकांच्या संघटनेलाही आता उच्च न्यायालयात जाणे शक्य झाले आहे. सदोष आदेश आव्हान न मिळता तग धरून राहण्याचे दिवस त्यामुळे कमी झाले आहेत, हे प्रशासनाने ध्यानात घ्यावे.

न्यायालयाचे दार कोंडीने त्रस्त नागरिकांसाठीही तितकेच उघडे आहे. सार्वजनिक रस्त्यावरचा बेकायदा अडथळा दूर करण्याचा सशर्त आदेश भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली प्रांताधिकारी देऊ शकतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील याच आशयाच्या १३३ व्या कलमावर १९८० मध्ये रतलाम नगरपालिकेचा प्रसिद्ध निर्णय झाला. पैसे नाहीत म्हणून वैधानिक कर्तव्य टाळता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने त्या नगरपालिकेला बजावले. वाहनतळाला निधी नाही, हे उत्तरही या कसोटीवर फार काळ टिकणारे नाही.

कायद्यातली एक उणीवही येथे सांगायला हवी. फेरीवाल्यांसाठी २०१४ चा स्वतंत्र केंद्रीय कायदा आहे. त्यात नगर विक्रेता समिती, सर्वेक्षण आणि स्थलांतरापूर्वीची नोटीस यांची तरतूद आहे. भाड्याच्या गाड्यांच्या चालकांसाठी असे कोणतेही व्यासपीठ नाही. कलम ११७ स्थानिक संस्थेशी विचारविनिमय करायला सांगते, पण थांब्यावरच्या चालकांशी बोलायला सांगत नाही. ज्यांच्या पोटावर परिणाम होणार त्यांना निर्णयाची पहिली बातमी फलक पाहून कळते आणि तेथून थेट वकिलाचे कार्यालय गाठले जाते.

आता निष्कर्षाकडे येता येते. चौकातला आणि महामार्गावरचा वाहनतळ हलवणे योग्य आहे. सार्वजनिक रस्ता प्रथम ये-जा करणाऱ्यांचा असतो आणि वर्षानुवर्षे उभे राहिल्याने त्या जागेवर कोणाची मालकी निर्माण होत नाही. चालकांनी हे मनापासून मान्य केले पाहिजे. पण प्रशासनाने अधिकार, सुनावणी, कारणे आणि पर्याय या चारही पायऱ्या न चुकवता चढल्या पाहिजेत. या पायऱ्यांत वेळ जातो असे म्हणणाऱ्यांनी एका स्थगितीत किती वर्षे जातात, याचा हिशेब मांडावा.

गडहिंग्लजपुरते बोलायचे तर थांबण्याच्या तिन्ही कारणांवर वेगवेगळे उपाय करावेत. रात्रीचा मुक्काम आणि लांब पल्ल्याचे ट्रक यांची सोय निःसंशय गावाबाहेर व्हावी, कारण त्यांचा चौकातल्या गिऱ्हाइकाशी संबंध नसतो. मालाची चढ-उतार बंद करता येणार नाही, पण तिला सकाळी लवकरच्या आणि रात्रीच्या वेळा ठरवून देता येतील. भाड्याची वाट पाहणाऱ्या गाड्यांसाठी बाजाराच्या जवळ मोजक्या जागा असलेला छोटा थांबा ठेवून बाकीच्या गाड्यांनी थोड्या अंतरावर पाळीने थांबावे. बाजारात एक गाडी भाड्याने निघाली की मागून दुसरी येईल, अशी ही पद्धत आहे. रिक्षावाले तिला नंबर लावणे म्हणतात आणि ती त्यांच्या अंगवळणी पडलेली आहे.

आदेश कायम करण्यापूर्वी महिनाभराचा प्रयोग करून पाहावा. अल्प मुदतीच्या निर्बंधाची सोय कायद्यानेच दिलेली आहे. प्रयोगाआधी आणि प्रयोगाच्या काळात गाड्यांची मोजणी करावी, चालकांच्या आणि व्यापाऱ्यांच्या तक्रारी लेखी घ्याव्यात आणि त्या तपासून सकारण अंतिम आदेश काढावा. एक महिना संपला की दुसरा, मग तिसरा, असे तात्पुरत्या आदेशावर गाडे ढकलत नेणे मात्र कायद्याला बगल देणे ठरेल. प्रयोग ऊसहंगामात केला तर खरी परीक्षा होईल.

व्यापाऱ्यांनाही आपला वाटा उचलावा लागेल. राज्यातील बहुतेक नगरपरिषदांना डिसेंबर २०२० पासून लागू असलेल्या एकत्रीकृत विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत इमारतींच्या वाहनतळाचे आणि माल चढवण्या-उतरवण्याच्या जागेचे निकष आहेत. नकाशात दाखवलेली पार्किंगची जागा पुढे गाळा किंवा गोदाम झाली, की तिथला भार रस्त्यावर येतो. गरीब चालकाला गावाबाहेर पाठवताना तळमजल्यावरचे हे अतिक्रमण नजरेआड करणारे प्रशासन न्यायाचा दावा करू शकत नाही. अशा भेदभावाचा मुद्दा न्यायालयात निघाला तर त्याला उत्तर देणेही अवघड जाईल.

म्हणून नगरपरिषद, अपर पोलीस अधीक्षक, परिवहन अधिकारी, महामार्ग विभाग आणि चालक-मालक संघटना यांची संयुक्त बैठक प्रांताधिकाऱ्यांनी कोणतीही गाडी हटवण्यापूर्वी बोलवावी. तिचे इतिवृत्त जाहीर करावे आणि नवी जागा वापरण्यास तयार झाल्यावरच जुना थांबा बंद होण्याची तारीख द्यावी. चालकांनीही ती तारीख पाळण्याची हमी तेथेच लेखी द्यावी. या क्रमाने काढलेला आदेश न्यायालयात टिकेल आणि न्यायालयात टिकणारा आदेशच गडहिंग्लजचा रस्ता मोकळा करू शकेल.